संदर्भ : आमचे तीन निरोप

निमिषाताई,
हा चौथा.
पहिल्यात मी 'सस्नेह नमस्कार' लिहिला होता,
दुसऱ्यात नुसता नमस्कार,
तिसरा थेट मुद्द्यावर.
हा दोनदा खोडलाय, कारण बायको म्हणते,
तुमचं वाचून वाटतं
कुणीतरी नळ तोडायला येतंय.

तर, मुद्दे.
बार्शीहून एकशे चाळीस माणसं,
पहाटे साडेचारला दोन बसेस म्हात्रे पुलापाशी.
त्यांच्या अंघोळीच्या गरम पाण्याचं काय?
कार्यालयाचा मॅनेजर म्हणतो, आमच्याकडे नोंद नाही.
मुहूर्त दहा बावन्नचा,
तुमच्या तक्त्यात दहा ते अकरा ड्रोन.
गुरुजींनी विचारलं, हे ड्रोन म्हणजे
वराकडचे कोण?
मी तुमच्या वतीने हसलो.
दीड लाखाच्या पावतीवर शिक्का नाही,
फक्त सोनेरी मोर.

दोन निळ्या खुणा.
म्हणजे वाचलंत.
फोन केला तर ती बाई, जी सगळ्यांची आहे,
म्हणते, आपण ज्या व्यक्तीशी संपर्क साधू इच्छिता.
इच्छितो हो, फार इच्छितो.

काल येऊन गेलो.
कर्वे पुतळ्याच्या मागे, दुसरा मजला.
कुलूप. काचेआड थर्माकोलचा हत्ती
सोंड वर करून माझ्याकडे बघत होता.
दाराखाली सरकवलेल्या पाकिटांत
वरचं माझंच.
जिन्यात एक गृहस्थ, हडपसरचे घुले,
मांडीवर पत्रिकांचा गठ्ठा.
"आमचं वीसला. तुमचं?"
"एकवीस."
त्यांनी खिशातले फुटाणे पुढे केले.
पाऊण तास आम्ही
एकाच दाराकडे बघत खाल्ले.

एक सांगतो, याचा तुमच्याशी संबंध नाही.
एकतीस वर्षं मी पाणीपुरवठ्यात होतो,
खिडकी क्रमांक चार.
जनता वसाहतीतून दर मंगळवारी
शेवंताबाई कुचेकर यायच्या,
टेकडी उतरून, नळजोडाच्या अर्जासाठी.
मी त्यांना नाही म्हटलं नव्हतं,
कधीच नाही.
फक्त वर बघितलं नव्हतं.
एकदा त्यांनी काचेखालून पत्रिका सरकवली,
लेकीच्या लग्नाची, कोपऱ्यांना हळद.
"पाव्हण्यांच्या हातावर घालायला तरी पाणी पायजे, सायेब."
मी ती अर्जाला टाचली.
फाइल जाड झाली.
नळ आला की नाही, आठवत नाही.
आवक क्रमांक आठवतो.

तेव्हा निळ्या खुणा नव्हत्या, एवढंच.

स्वरदा मघाशी म्हणाली, बाबा, एवढं लांब
कुणी वाचत नाही.
आमच्या घरात लग्न तिचं आहे
आणि झोप तिलाच लागते.
मुंडावळ्या तिने स्वतः आणल्या, तुळशीबागेतून,
रुखवताचं मावशी बघतेय,
अंतरपाटाला माझ्या आईचं उपरणं काढलंय,
म्हणजे वडिलांचं, पण आईने जपलेलं.
उरलंय काय तर
मंडप, जेवण, खुर्च्या, सनई, वीज
आणि तुम्ही.

वरचं सगळं पुसलं.
लिहिलं : ताई, गरम पाण्याचं तेवढं सांगा.
रागावलो नाही.
हे दुसरं वाक्य खोटं होतं, तरी ठेवलं.

एक खूण.
दुसरी.
निळी.
मग नावाखाली ते उगवलं, 'टाइप करत आहे',
मी चष्मा पुसेपर्यंत राहिलं,
आणि गेलं.

साडेनऊला फोन वाजला. घुले.
"बंबवाला मिळालाय, पर्वती पायथ्याचा.
दोन दिवसांचं एकदम सांगितलं तर
कमी घेतो म्हणतोय.
काय करायचं?"

मी विचारलं, नाव काय त्याचं?
"कुचेकर," ते म्हणाले.
"का हो? ओळखीचे?"

टेकडीकडच्या खिडकीशी जाऊन
मी उभा राहिलो थोडा वेळ.
घुले पलीकडे हॅलो, हॅलो करत होते,
आणि या वेळी
उत्तर माझ्याकडे होतं.